लोणीफळाची येळवस

आढी घालावी तर चन्नम्मानं, असं आमच्या वाडीत म्हणत. म्हणजे म्हणत असतील. मी ते नेहमी चन्नम्माच्याच तोंडून ऐकलं. चन्नम्मा म्हणजे माझ्या सासूबाई. उन्हाळ्यात त्यांच्या कोठीच्या खोलीत गव्हाच्या काडात आंबे निजवलेले असत, आणि त्या खोलीत शिरायची मुभा दोघांनाच होती, त्यांना आणि मांजराला. मी गिरिजा, त्या घरची थोरली सून. नऊ वर्षं त्या दाराशी उभं राहून नुसता वास घेतला, आत पाय टाकला नाही.

ही गोष्ट मात्र आंब्याची नाही. शहाऐंशी साल संपत आलं होतं, आंब्याचं नाव नव्हतं आणि पावसानंही लागोपाठ दुसऱ्या साली तोंड फिरवलं होतं. ज्वारी गुडघ्याएवढी होऊन पुढं काय करावं याचा विचार करत उभी होती. त्यातच मार्गशीर्षातली अमावास्या आली, म्हणजे आमची येळवस. त्या दिवशी जळकोटच्या आसपासच्या गावांत कुत्रंसुद्धा घरी राहत नाही. सगळी माणसं रानात जातात, कडब्याची कोपी उभारतात, आत पाच दगडांना चुना लावून पांडव म्हणून पुजतात, आणि मग जो कोणी बांधावरून जाईल त्याला हाताला धरून जेवायला बसवतात. पीक असो नसो, रानाला जेवू घातल्याशिवाय माणसानं जेवायचं नाही.

आणि त्या साली आमच्याकडं नवी सून होती. माझा दीर मल्लिनाथ याचं लग्न वैशाखात झालं. त्याची बायको जगदेवी पार कोडगूहून, म्हणजे कूर्गातून आलेली. तिचे वडील मूळचे आळंदकडचे, पण तरुणपणीच पोटापाठी तिकडं गेले आणि कॉफीच्या मळ्यात कारकून झाले. आई लहानपणीच गेली. बापानं एकट्यानं पोरगी वाढवली आणि एवढ्या लांब दिली, कारण नात्यातलं स्थळ दुसरं मिळेना. जगदेवी स्वभावानं गोड, पण बोलायची इतकं हळू की तिनं मीठ मागितलं की आम्ही पाणी द्यायचो.

आमच्यात एक रीत आहे. नव्या सुनेच्या पहिल्या येळवशीला तिच्या माहेराहून बुत्ती येते. बुत्ती म्हणजे शिदोरी. ती रानात, कोपीपुढं, सगळ्या बायकांच्या देखत उघडायची. मग बायका त्यावर जे बोलतात ते त्या सुनेला जन्मभर पुरतं. माझ्या बुत्तीतल्या शेंगापोळ्या जरा जाड निघाल्या होत्या, तर शेजारच्या रानाची केशरबाई मला नऊ वर्षांनंतरही जाड पोळीवाली म्हणायची. बुत्ती आई करते. जगदेवीला आई नव्हती. आपल्या अप्पांना सगळ्यांपुढं कुणी हसू नये, एवढं एकच त्या पोरीला वाटत होतं, आणि ते तिनं मला भांडी घासता घासता दोनदा सांगितलं.

येळवशीला आठवडा होता तेव्हा जळकोटच्या हमरस्त्यावरच्या हॉटेलात एक ट्रकवाला बांबूची पाटी ठेवून गेला. मल्लिनाथ ती सायकलला बांधून घेऊन आला. वर गोणपाट, त्याखाली वाळका पाला, आणि पाल्यात हिरवीगार, टणक, मानेकडं निमुळती फळं. दुधी भोपळ्याची पोरं असावीत तशी. तेव्हा ते फळ आमच्याकडं कुणी पाहिलं नव्हतं. आता म्हणे शहरात लोक ते पावाला लावून खातात.

"ह्यो भोपळा हाय का आंबा?" सासऱ्यांनी चष्मा कपाळावर चढवून विचारलं. सासरे कल्याणप्पा, वाडीच्या दूध संस्थेचे चेअरमन. त्यांना कुठल्याही गोष्टीचा आधी प्रकार ठरवून घ्यायची सवय होती.

"बेण्णे हण्णू म्हणत्यात," जगदेवी म्हणाली. "अप्पांच्या खोलीमागं झाड हाय. उशिरा धरतंय."

बेण्णे म्हणजे लोणी आणि हण्णू म्हणजे फळ, एवढं कन्नड आमच्या घरात सगळ्यांना येत होतं. सासूबाई तर माहेरच्या कानडीच. त्यांनी एक फळ उचललं, नाकाशी धरलं आणि निकाल दिला.

"वास न्हाय. कच्चं हाय. पन लोणी म्हनायलेत तर बगू."

बघायचं म्हणून त्यांनी त्या संध्याकाळी एक फळ चिरून थेट वरणात शिजवलं. जगदेवी काहीतरी म्हणायला गेली, पण तिचं म्हणणं चुलीच्या आवाजात विरून गेलं. वरण असं कडू झालं की पहिल्या घासाला सासऱ्यांचा चष्मा आपोआप नाकावर आला. त्यांनी घास गिळला आणि म्हणाले, "औषधी असंल." मल्लिनाथनं मात्र मान खाली घालून अख्खी वाटी संपवली आणि आणखी मागितली. लग्नाला आठ महिने झाले की माणूस काहीही खातो. आमचे हे तेव्हा संस्थेच्या टेम्पोवर सोलापूरला गेले होते, म्हणून वाचले. नऊ वर्षांनंतर त्यांनी माझ्यासाठी असलं वरण खाल्लं असतं का, हे मला अजून माहीत नाही.

"कच्चंच हाय," सासूबाई म्हणाल्या. "आढीत घालावं लागंल."

आणि त्यांनी कोठीची खोली उघडली. काड पसरलं, एकेक फळ तान्ह्या मुलासारखं निजवलं, वरून काड, त्यावर पोतं. दार लावून किल्ली पदराच्या गाठीत बांधली. रोज पहाटे त्या आत जायच्या, पोतं बाजूला करून नाक लावायच्या आणि बाहेर येऊन सांगायच्या, "अजून वास न्हाय." चौथ्या-पाचव्या दिवशी तर त्यांचा आवाज जरा दुखावल्यासारखा झाला. आंबे कसे, आढीतून हाक मारतात. ही फळं गप्प पडून होती.

"अक्का," जगदेवी मला गोठ्यात गाठून म्हणाली, "ते पिवळं हुत न्हाय. वास बी येत न्हाय. हिरवंच ऱ्हातंय. दाबलं की मऊ लागलं की झालं."

"मग सांग की त्यांना."

"तुमी सांगा."

मी तिच्याकडं बघितलं आणि ती माझ्याकडं. चन्नम्माच्या आढीत चन्नम्माला शिकवायचं, हे धाडस आमच्या दोघींच्या अंगात मिळूनसुद्धा नव्हतं. आम्ही शेणाच्या पाट्या उचलल्या आणि कामाला लागलो.

आता लोण्याचं सांगते. येळवशीला ज्वारीच्या भाकरीवर लोण्याचा गोळा हवाच. आमच्या कोपीतला गोळा तर लिंबाएवढा असायचा, आणि तो बघून लोक आमच्याच बांधाकडं वळायचे. पण त्या साली वैरण नव्हती, म्हशी आटत चालल्या होत्या, आणि वरून सांगावा आला होता की कॅन भरत नसेल तर दुधाची गाडी वाडीला येणार नाही. गाडी बंद म्हणजे संस्था बंद. तेव्हा चेअरमनसाहेबांनी सभा घेऊन सगळ्यांना घरचं दूध तोडायला लावलं आणि सुरुवात स्वतःच्या घरापासून केली. आम्ही दोन महिने काळा चहा पीत होतो. ताक नाही, लोणी नाही. केशरबाई संस्थेला दूध घालत नव्हती. ती हॉटेलवाल्याला घालायची आणि उरलेल्याचं लोणी काढून आमच्या भिंतीपलीकडं मुद्दाम मोठ्यानं कढवायची.

"चेअरमनच्या रानात औंदा कोरडी भाकर व्हय?" तिनं मला विहिरीवर विचारलं. "म्या आणीन बरं लोणी. संस्थेला सांगू नगंस."

येळवशीची सकाळ उजाडली. दुपारच्या गाडीनं जगदेवीचे अप्पा यायचे होते, लग्नानंतर पहिल्यांदाच. सासूबाईंनी शेवटचं एकदा आढीत नाक घातलं आणि बाहेर येऊन हात झटकले.

"न्हाय पिकली. अजून आठ दिवस ऱ्हाऊ द्या. व्याह्यांना सांगू, आढीत हायत म्हनून."

जगदेवीचा चेहरा असा उतरला की मला बघवेना. बाप येणार, बायका म्हणणार बुत्ती उघडा, आणि उघडायला काय, तर एक उत्तर. तोवर आत ती फळं सडणार. मग मात्र माझ्या डोक्यात काहीतरी चढलं. नऊ वर्षं त्या दाराबाहेर उभं राहिल्याचाही तो राग असेल.

सासूबाई अंघोळीला गेल्या. किल्ली पदराच्या गाठीसकट खुंटीवर होती. मी कुलूप काढलं, जगदेवीनं काड उपसलं, आणि मल्लिनाथला न्हाणीच्या दाराशी उभं केलं. "पाणी पायजे का आई, अजून पाणी पायजे का," असं तो इतक्यांदा विचारत राहिला की आतून शिवी आली. फळं बोटाखाली मऊ लागत होती, अगदी गालासारखी. दोन-चार आधीच गेली होती, बाकी शाबूत. आम्ही ती भाकरीच्या दुरडीत तळाशी घातली, वर भाकरी रचल्या, आणि आढीत होतं तसं काड पसरून वर पोतं टाकलं. चन्नम्माच्या आढीवर असा दरोडा त्याआधी पडला नव्हता.

रानात कोपी आदल्या दिवशीच उभी झाली होती. सासूबाई पाच दगडांपुढं पूजेला बसल्या. त्यांच्या पूजेला वेळ लागतो, कारण त्या देवाला वर्षभराची सगळी हकिकत सांगतात. आम्ही दोघी कोपीमागं विहिरीच्या काठावर गेलो. तिथं एक सपाट धोंडा होता, तो धुतला. वरवंटा मी घरून लुगड्यात गुंडाळून आणला होता.

"तुमच्याकडं कसं खातात?" मी विचारलं.

"साखर आणि दूध घालून."

साखर जपून वापरायची आणि दूध संस्थेचं. मी तिला म्हटलं, आपल्याकडं भाकरीबरोबर जे जातं ते खरं. कोपीजवळ तीन शेकोट्या पेटल्या होत्याच. त्यातल्या एकीच्या निखाऱ्यावर हिरव्या मिरच्या टाकल्या, साल काळी पडून फुटेपर्यंत भाजल्या. लसणाच्या पाकळ्या, जिरं आणि मीठ घालून धोंड्यावर रगडल्या. विळीनं फळ उभं कापलं तर मधोमध सुपारीहून मोठी गोल बी, आणि भोवती गर. कडेला हिरवा, आत पिवळा, आणि बोट लावलं तर खरंच ताज्या लोण्यासारखा. मी आयुष्यात इतक्या आश्चर्यानं कशाकडं बघितलं नसेल. चमच्यानं गर काढून मिरचीवर घातला, वरवंटा नुसता फिरवला, वाटला नाही. जगदेवीनं कांदा बारीक चिरला, विहिरीच्या पाटाला जगलेली मूठभर कोथिंबीर तोडून आणली. चाखलं आणि आम्ही दोघी एकमेकींकडं बघून हसलो. तिचा आवाज मला तेव्हा पहिल्यांदा नीट ऐकू आला.

पण पूजा चालूच होती. पाच पांडवांना सांगून झालं, मग आंबील शिंपडायला सगळे रानभर फिरले, आणि आम्ही परत येऊन बघतो तर चटणी वरून काळपट पडलेली. चिखलाचा गोळाच.

"लिंबू," जगदेवी म्हणाली. "विसरले मी. लिंबू लागतंय. आणि बसायच्या वक्ताला करायचं, आधी न्हाय."

"लिंबू कशाला लागतंय?" मागून आवाज आला.

सासूबाई उभ्या होत्या. त्यांनी धोंड्याकडं बघितलं, फोडलेल्या फळांकडं बघितलं, मग माझ्याकडं. मी वरवंटा हातात धरून उभी राहिले. पळून जायचं तर मध्ये विहीर होती.

"माज्या आढीतली?"

"व्हय, आत्या."

त्या खाली बसल्या. एक अर्धुक उचललं, नाकाला लावलं, दाबलं, पुन्हा नाकाला लावलं. मग बोटानं थोडा गर काढून जिभेवर ठेवला. त्यांचे डोळे बारीक झाले. त्यांनी आणखी थोडा गर घेतला, आणि मग चटणीत बोट बुडवून तेही चाखलं.

"वास न येताच पिकतंय की गं हे," त्या स्वतःशीच म्हणाल्या, जरा नाराजीनं. फळानं आधी कळवायला हवं होतं, असा सूर. मग पदर खोचला. "सरक. असं वाटत्यात व्हय? लिंबं आन जा. काळं झालेलं काढून टाक वरचं."

आणि त्यांनी वरवंटा माझ्या हातातून घेतला. नव्या मिरच्या भाजल्या, नवी फळं कापली, आणि सगळं पहिल्यापासून स्वतः केलं. लिंबू पिळून गर लखलखीत हिरवा राहिला तेव्हा त्यांनी आमच्याकडं असं बघितलं, जणू ही युक्ती त्यांचीच. जगदेवी नुसती बिया गोळा करत राहिली. चटणी पितळीत काढून वर ओला फडका टाकला.

तोवर बायका कोपीपुढं पंगत धरून बसल्या होत्या. पुरुष बाजूला ज्वारीच्या कडेला. भज्जी, म्हणजे हरभऱ्या-पाल्याचं येळवशीचं कालवण, त्या साली पातळच होती, हरभरा कमी आणि पाणी जास्त, पण कुणी काही बोललं नाही, कारण सगळ्यांच्याच रानात तीच गत होती. केशरबाईनं पदराखालून लोण्याची वाटी काढून मधोमध ठेवली आणि हात चोळले.

"आता बुत्ती उघडा की. कोडगूची बुत्ती बगायला म्या सकाळपास्नं उपाशी हाय."

नेमके त्याच वेळी जगदेवीचे अप्पा बांधावर आले. उंच, वाळकासा माणूस. धोतर, काळा कोट, हातात पिशवी. दोन दिवसांच्या प्रवासानं कोट चुरगळला होता. त्यांनी केशरबाईचं बोलणं ऐकलं असावं, कारण नमस्कार करायच्या आधीच त्यांचा हात पिशवीत गेला आणि पेढ्यांचा एक पुडा बाहेर आला. सोलापुरात घेतला असणार, दोऱ्यावर तिथल्या दुकानाची चिठ्ठी होती.

"ही बुत्ती," ते अडखळत म्हणाले. "फळं पाठवली होती, पण ती नुसती घरामागच्या झाडाची. तुम्हाला ती काय... म्हणून हे घेतलं. फळं टाकून दिली असली तरी चालेल."

जगदेवी भाकरी वाढत होती, ती तिथंच थांबली. सगळ्या बायका पुड्याकडं बघत होत्या. केशरबाईनं तर तोंड उघडलंसुद्धा होतं.

सासूबाईंनी पुढं होऊन तो पुडा घेतला आणि न उघडता पोरांच्या पंगतीकडं सरकवला.

"हे पोरास्नी ऱ्हाऊ द्या," त्या म्हणाल्या. "बुत्ती तर कवाच आलीया. माज्या आढीत पिकलीया." आणि त्यांनी पितळीवरचा फडका काढला.

हिरवंगार ते, उन्हात चकाकत होतं. त्या उजाड रानात तेवढी एकच गोष्ट पोटभर हिरवी होती. केशरबाईनं मान वाकडी करून बघितलं.

"ह्ये काय, शेवाळ हाय व्हय?"

"लोणी हाय," सासूबाई म्हणाल्या. "झाडाचं."

"झाडाला लोणी लागतंय?" केशरबाई हसली, पण भाकरीचा तुकडा तिनं पुढं केला होता. एक घास खाल्ला. मग दुसरा. तिसऱ्या घासाला तिनं आपल्या वाटीतलं लोणी बाजूला सारून पितळी जवळ ओढली, आणि पंगतीतली दुसरी बाई हात पुढं करायला लागली तेव्हा म्हणाली, "थांब गं, मला नीट कळू दे आधी कसं लागतंय."

सासरे पुरुषांच्या पंगतीतून ओरडून सांगत होते की ह्याला म्हणतात सहकार, म्हशीनं दूध संस्थेला घालावं आणि लोणी झाडानं द्यावं. त्यांनी ते वाक्य पुढच्या सभेतही वापरलं. मल्लिनाथ गालातल्या गालात हसत चार माणसांची चटणी एकटा खात होता. या वेळी त्याला खरोखर आवडली होती.

जगदेवीचे अप्पा मात्र उभेच होते. सासऱ्यांनी त्यांना पंगतीत जागा करून दिली, तर त्यांनी हात जोडले.

"मी बसतो शेजारी. जेवत नाही. माझी शिदोरी आहे."

सगळ्यांना कळलं. लेकीला मूल होईपर्यंत बाप तिच्या सासरी अन्न घेत नाही. आमच्याकडं अजून ते पाळतात. माझे अण्णा सात वर्षं ईट गावाहून येत होते. मला मूल झालं नाही. दरवर्षी ते बांधापाशी बसायचे, आपल्या फडक्यातली भाकरी सोडायचे, पाणीसुद्धा शेजारच्या विहिरीचं प्यायचे, आणि माझं तोंड बघून संध्याकाळच्या गाडीनं परत जायचे. गेली दोन वर्षं ते आलेच नव्हते. गुडघे दुखतात, असं सांगायचे. मला कारण माहीत होतं.

जगदेवीचे अप्पा बांधावर बसले आणि पिशवीतून आपलं फडकं काढलं. ते सोडायला लागले तेव्हा जगदेवी त्यांच्याकडं पाठ करून दुरडीतल्या भाकरी मोजायला लागली. सगळे हसून खात होते ती चटणी त्यांच्याच झाडाची, आणि ते ती चाखू शकत नव्हते.

सासूबाई उठल्या. कमरेवर हात ठेवून व्याह्यांपुढं उभ्या राहिल्या.

"व्याही, हितं उंबरा कुठं हाय?"

त्यांनी फडक्यावरून हात काढला.

"मला दावा. लेकीच्या घरी जेवायचं न्हाय, खरं हाय. पन हे घर हाय व्हय? भिंत हाय? दार हाय? ह्यो मोकळा मुलूख हाय. आज ह्या बांधावरनं जो जाईल त्याला जेवू घालायचं, ही रानाची रीत हाय. तुमी लेकीच्या घरी न्हाय आलाव. तुमी येळवशीला आलाव."

"खरं हाय," सासरे चेअरमनच्या आवाजात म्हणाले. "उंबऱ्याशिवाय ठराव लागू हुत न्हाय."

केशरबाईही मान हलवून म्हणाली, "आन झाड बी त्येंचंच की. आपलंच खायाला कसला विटाळ."

जगदेवीच्या अप्पांनी एकदा कोपीकडं बघितलं, एकदा लेकीकडं. मग आपलं फडकं पुन्हा बांधलं, कोट काढून घडी घातली आणि पंगतीत येऊन मांडी घातली. जगदेवीनं त्यांच्यापुढं भाकरी ठेवली आणि तिच्यावर चटणीचा मोठा गोळा. त्यांनी घास घेतला. सगळ्या पंगतीचे कान तिकडंच होते. ते चावत राहिले, सावकाश, आणि मग लेकीकडं झुकून हळूच कन्नडमध्ये म्हणाले, "उप्पु स्वल्प कडिमे."

मीठ जरा कमी आहे. बिचाऱ्यांना वाटलं, आपण बापलेक आपसात बोलतोय. अर्ध्या पंगतीला कन्नड येतं, हे त्यांच्या ध्यानातच नव्हतं. केशरबाईला तर हसू आवरेना, तिनं पदर तोंडात धरला. कारण चटणी आपणच केली हे आतापर्यंत सासूबाईंनी प्रत्येकीला वेगळं गाठून सांगितलं होतं. नऊ वर्षांत चन्नम्माला मीठ कमी आहे असं म्हणायची कुणाची टाप नव्हती.

सासूबाईंनी कमरेवरचे हात काढले. मग कोपीत गेल्या, मिठाचा वाडगा घेऊन आल्या, वाकल्या आणि आपल्या हातानं व्याह्यांच्या चटणीवर चिमूट सोडली.

"आता बगा," त्या म्हणाल्या.

त्यांनी बघितलं. आणि ती भाकरी संपली तेव्हा त्यांनी जगदेवीला, अगदी स्वतःच्या घरात मागावी तशी, आणखी एक मागितली.

उन्हं कलली तेव्हा पाहुणे उठले. जगदेवी अप्पांना रान दाखवायला घेऊन गेली होती. दुरून तिचं बोलणं ऐकू येत होतं, चांगलं मोठ्यानं. मी विहिरीवर भांडी घासत होते. सासूबाई माझ्या पाठीशी बसून उरलेल्या भाकरी दुरडीत भरत होत्या.

"थोरले," त्या म्हणाल्या, माझ्याकडं न बघता, "तुज्या अण्णास्नी सांगावा धाड. फुडल्या येळवशीला या म्हनावं. गुडघं दुखत असतील तर टेम्पो जाईल ईटला." मग थोडं थांबून, "रान काय एकट्या जगदेवीचं न्हाय. हे आधीच सुचाय पायजे हुतं मला. न्हाय सुचलं."

मी मान खाली घालून वरवंटा धुवायला घेतला, आणि तो धुऊन झाल्यावर पुन्हा एकदा धुतला.